मुक्या कपांची मोहीम

१ जानेवारी, सकाळी ६.१०
आजपासून रोजनिशी. कोणाला दाखवायची नाही. कपाटात स्वेटरखाली ठेवायची.
संकल्प: (१) माझ्या टेबलावरून एकही सदोष कप पुढे जाणार नाही. (२) रोज पहाटे चालायला जाणे. (३) चिडायचं नाही.
चालणं उद्यापासून. आज धुकं आहे.

२ जानेवारी
चालणं झालं नाही. बूट सापडेनात. ही म्हणाली, पायात आहेत ते कोणाचे? चिडलो नाही. मनातल्या मनात चिडलो. ते धरायचं नाही असं ठरवलं.

४ जानेवारी
नोंद असावी म्हणून लिहितो. मी सत्तावीस वर्षं चिनी मातीच्या कारखान्यात तपासनीस आहे. भट्टीतून निघालेला प्रत्येक कप माझ्या टेबलावर येतो. तो डाव्या हाताच्या बोटाला अडकवायचा आणि उजव्या हाताने टिचकी मारायची. खणखणीत वाजला तर बोलका. बद्द वाजला तर आत कुठेतरी तडा आहे, डोळ्यांना दिसो न दिसो. तो मुका. बोलका डावीकडच्या ट्रेमध्ये, मुका उजवीकडच्या खोक्यात. संध्याकाळी खोकं मागच्या खड्ड्यात रिकामं करतात आणि कप फोडतात. विकायचे नाहीत, कामगारांना वाटायचे नाहीत. कंपनीच्या नावाचा प्रश्न आहे.
भट्टीवाला मला जज्जसाहेब म्हणतो. रोज विचारतो, जज्जसाहेब, आज कितींना फासावर चढवलंत? माणूस कामाचा, पण त्याला क्वालिटी कळत नाही.

७ जानेवारी
नवीन मॅनेजरची मीटिंग. वय बेताचं, बूट चकचकीत. भिंतीवर भला मोठा फलक लावलाय: दोष शून्य. मार्चमध्ये एका मोठ्या हॉटेल कंपनीचा खरेदीदार येणार आहे. त्याला माल पसंत पडला तर वर्षभर भट्ट्या थंड होणार नाहीत. नाही पडला तर एक भट्टी बंद, म्हणजे चाळीस माणसं घरी. माझ्याकडे हात करून म्हणाला की हे आपल्या कारखान्याचे कान आहेत. टाळ्या झाल्या असाव्यात. हात हलताना दिसले.
घरी येऊन हिला सांगितलं. ती ओट्याकडे तोंड करून काहीतरी म्हणाली. घरातले सगळे हल्ली पुटपुटतात. जिभेला आळस, दुसरं काय. संकल्प (४): घरच्यांना स्पष्ट बोलायला शिकवणे.
माझी धाकटी बहीण तेवढी अपवाद. ती समोर येऊन उभी राहते आणि एकेक शब्द सुटा करून बोलते. माझेच संस्कार.

१० जानेवारी, सकाळी ७.४०
आज जे झालं ते लिहून ठेवलंच पाहिजे.
शिफ्ट सुरू व्हायच्या आधी टेबलाशी एकटा होतो. यंत्रं बंद. आणि एक नाद ऐकू आला. बारीक, उंच, स्वच्छ. कोणीतरी एका निर्दोष कपाला टिचकी मारावी आणि तो वाजायचा थांबूच नये, तसा. टेबलाखाली बघितलं. ट्रेमधल्या एकेका कपावर हात ठेवला. नाद चालूच. खिडकी लावली. चालूच.
सत्तावीस वर्षांत असा कप वाजलेला ऐकला नाही. कुठेतरी आहे तो. याच कारखान्यात आहे.

१३ जानेवारी
तो नाद आता जवळजवळ रोज. त्याच्यापुढे बाकीचे कप म्हणजे मडकी. इतकी वर्षं मी किती सदोष माल पास करत होतो या विचाराने जेवण गेलं नाही. (रात्री दोन पोळ्या जास्त खाल्ल्या. तो भाग वेगळा.)
आज शंभरात चाळीस मुके. खोकं दुपारपर्यंत काठोकाठ. जेवून आलो तर अर्ध्याहून कमी. धाकटी (तीही आमच्याच कारखान्यात आहे) फडकं घेऊन खोक्याजवळ उभी होती. काय करतेस म्हटलं, तर म्हणाली, खोकं पुसतेय दादा, धूळ किती बसते. मुक्या कपांच्या खोक्याला पुसायचं काय? पण तिला स्वच्छतेचं वेडच आहे. संध्याकाळच्या नोंदीत मुके फक्त सात. म्हणजे सकाळी रागाच्या भरात आकडा मोठा वाटला. संकल्प (३) कडे लक्ष द्यायला हवं.

१७ जानेवारी
घरात काहीतरी बिघडलंय. बैठकीतलं घड्याळ चालतं, पण टिकटिक नाही. नवीन बॅटरी घातली. तीही तशीच निघाली. आजकाल एक वस्तू धड बनवत नाहीत.
दुसरं म्हणजे माणसं एकदम मागे उभी असतात. आधी कोणी नसतं. वळावं तर ही, हातात चहा घेऊन. वळावं तर मॅनेजर. आज धाकटीने खांद्याला हात लावला तेव्हा मी ओरडलोच. ती किती वेळ तिथे होती कुणास ठाऊक. चेहरा असा केला होता, जणू मीच आजारी आहे.
मी भुताखेतांवर विश्वास ठेवत नाही. पण पावलांचा आवाज न करता चालणारी माणसं माझ्याभोवती अचानक कशी वाढली?

२२ जानेवारी
चालायला गेलो! कोपऱ्यापर्यंत. एका गाडीवाल्याने मागून येऊन अगदी अंगाला घासून गाडी नेली, वर मलाच हातवारे. हॉर्न द्यायची पद्धतच उरली नाही. चालणं बंद.

२५ जानेवारी
धाकटीबद्दल. चव्वेचाळीस वर्षांची. लग्न झालं नाही. आमच्या मागच्या खोलीत राहते. मीच तिला कारखान्यात चिकटवली, तेव्हाच्या मॅनेजरचे पाय धरून. तिच्या डाव्या हाताला जन्मापासून तीनच बोटं. ती झिलईच्या टाकीवर आहे. कच्चा भाजलेला कप तळाशी तीन बोटांनी धरायचा, झिलईत बुडवायचा, मनगट फिरवून बाहेर काढायचा. दिवसाला बाराशे. टाकीवरचा दुसरा माणूस पाच बोटांचा, तो चारशेच्या पुढे जात नाही.
लहानपणी फोटो काढायचा असला की आई मला तिच्या डाव्या बाजूला उभा करायची आणि सांगायची, तिचा हात धर. मी घट्ट धरायचो. एका फोटोतसुद्धा तो हात दिसत नाही. लोक म्हणत, काय माया आहे भावाबहिणीची! होतीच.
आज जेवताना सहज म्हटलं, आपण किती हात धरून असायचो, नाही? ती म्हणाली, धरायचास की झाकायचास, आता मला नीट आठवत नाही दादा. आणि हसून मला भात वाढला. काहीतरी खोचक होतं का त्यात? नसावं.

२९ जानेवारी, दुपारी
शोध लागला!!
मुके कप उलटे करून बघितले. झिलई लावताना बोटं जिथे टेकतात तिथे तळाशी ठिपके राहतात. नंतर ब्रशने बुजवतात, पण माझ्या नजरेतून सुटत नाहीत. टाकीवरच्या दुसऱ्या माणसाच्या कपाला पाच ठिपके. मुक्या कपांतल्या दर चारांपैकी तिनांना ठिपके तीन.
तीन ठिपके म्हणजे कोण, हे सांगायला नको.
तीन बोटांचा दाब सारखा पडत नाही, त्यामुळे आत केसाएवढा तडा जात असणार. शास्त्र आहे.
भट्टीवाल्याला विश्वासात घेऊन सांगितलं. तो म्हणाला, अहो जज्जसाहेब, कारखान्यातल्या दर चार कपांतले तीन तिच्याच हातचे असतात, मग मुक्यांत नसतील तर काय आकाशातून पडतील? आकडेवारी त्याच्या डोक्यावरून जाते. त्याचा दोष नाही, उष्णतेत काम करतो.

३ फेब्रुवारी
मॅनेजरने केबिनमध्ये बोलावलं. त्याला माझ्या शोधाची कुणकुण लागली होती (मीच सांगितला होता). लेखी रिपोर्ट मागितला. मग खुर्ची जवळ ओढून म्हणाला की खरेदीदाराला झिलईच्या टाकीवरूनच न्यायचंय, तिथे सगळं कसं नजरेला नीटनेटकं दिसलं पाहिजे. तुमच्या बहिणीबद्दल मनात काही नाही हं, पण बाहेरच्या माणसाची पहिली नजर कुठे जाते, तुम्हीच सांगा.
मी म्हटलं, माझा मुद्दा फक्त आवाजाचा आहे. हाताचा नाही. तो म्हणाला, अगदी अगदी, आवाजाचाच.
हे स्पष्ट झालं ते बरं झालं.

५ फेब्रुवारी
रिपोर्टचा पहिला खर्डा फाडला. त्यात 'माझी बहीण' असा उल्लेख आला होता. दुसऱ्यात 'झिलई विभागातील संबंधित कामगार'. हे चांगलं. वाचताना मलाच ती कोण ते क्षणभर लक्षात आलं नाही.
निःपक्षपाती माणसाला या घरात कोणी समजून घेत नाही. अजून कोणाला सांगितलेलं नाही, पण समजून घेणार नाहीत हे नक्की.

६ फेब्रुवारी
सही केली. पेन चांगलं नव्हतं, दोनदा करावी लागली.
घरी सांगायचं होतं. धाकटी माझ्या शर्टाचं बटण लावत बसली होती. त्या तीन बोटांत सुई धरते आणि नजर वर न करता दोरा ओवते. म्हटलं उद्या सांगू.

७ फेब्रुवारी
उद्या.

९ फेब्रुवारी
मॅनेजरनेच तिला सांगून टाकलं, उद्यापासून कामावर येऊ नका. माझी अडचणीतून सुटका झाली म्हणायची.
ती घरी आली. हातपाय धुतले. समोर येऊन उभी राहिली. रिपोर्टची प्रत हातात होती. म्हणाली, दादा, तू प्रत्येक कप स्वतः वाजवून बघितलास? मी म्हटलं, प्रत्येक. ती म्हणाली, आणि तुला ते मुके वाटले? मी म्हटलं, वाटायचा प्रश्न नाही, होते. तिने रिपोर्टची घडी घातली. काहीतरी सांगणार होती. मग म्हणाली, तू लिहिलंस ना, मग राहू दे.
रडली नाही. ही मात्र रडली. वन्संना घालवलंत तुम्ही, म्हणाली. एवढं एकच वाक्य तिने कधी नव्हे ते स्पष्ट उच्चारलं.

१२ फेब्रुवारी
धाकटी गेली. बसने दोन तासांवर एक छोटा कारखाना आहे, दोघी बायका मिळून चालवतात, तिथे काम मिळालं आणि वर राहायला खोली. तिथे बागेतल्या कुंड्या करतात. म्हणजे जिला मुळातच खाली भोक असतं अशी वस्तू! क्वालिटीचा प्रश्नच मिटला. वाईट वाटलं तिच्यासाठी.
एक सुटकेस, एक उशी. मी म्हटलं, सोडायला येतो. ती नको म्हणाली. बसचा दरवाजा लागला तरी मी हात हलवत होतो. ती दुसऱ्या बाजूच्या सीटवर बसली होती, हे बस वळल्यावर दिसलं.

१३ फेब्रुवारी
टाकीवर आता दोन नवीन माणसं. दोघांची मिळून वीस बोटं. शुद्ध पाच ठिपके. आता बघा.

१४ फेब्रुवारी
शंभरात बासष्ट मुके.

१६ फेब्रुवारी
शंभरात चौसष्ट. आणि आता जेवून आलं तरी खोकं तेवढंच भरलेलं असतं. एक कप कमी होत नाही. संध्याकाळच्या नोंदीतही चौसष्ट. मॅनेजरने आकडा दोनदा विचारला. मी म्हटलं, शिस्त लागायला वेळ लागतो.

१९ फेब्रुवारी
साच्यावाल्याची कानउघाडणी केली. मातीत दोष. तो तावातावाने बोलत होता, तोंड चालू होतं, मी दुर्लक्ष केलं. माती बदलली.
शंभरात अडुसष्ट.

२३ फेब्रुवारी
भट्टीत दोष. भट्टीवाल्याशी सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा भांडण. त्याने माझ्या टेबलावरचा एक मुका कप उचलला, माझ्या तोंडासमोर धरला, टिचकी मारली, आणि माझ्याकडे बघत राहिला. जणू काही पुरावाच दिला. मी म्हटलं, बघितलंस? बद्द! तो कप हळूच खाली ठेवून निघून गेला. हरला.
पण जाताना त्याचा चेहरा हरलेल्या माणसाचा नव्हता. कोणाच्या घरी सांत्वनाला जाऊन आल्यासारखा होता.

२७ फेब्रुवारी, संध्याकाळी ५.३०
खड्ड्यापाशी गेलो होतो. कधी जात नाही. फोडणारा माणूस रोजचा माल संपवू शकत नाही, म्हणून आता न फोडलेल्या कपांचा ढीग साचलाय. पांढरा. माझ्या कमरेच्या वर. सगळ्यांची तोंडं उघडी. माझ्याकडे बघतात असं नाही, कप कुठले बघायला. पण एवढी उघडी तोंडं आणि आवाज म्हणून नाही. वारा सुटला होता, त्यांच्यावरून जात असणार, तरी नाही.
फक्त तो एक नाद. ढिगाऱ्यात तर नसेल ना तो? मीच चुकून टाकला तर नसेल? गुडघ्यावर बसून शोधायला लागलो. एकेक उचलायचा, वाजवायचा. मुका. मुका. मुका. वळलो तर फोडणारा माणूस हातोडा घेऊन मागे उभा. तो माझ्याहून जास्त घाबरला.

२ मार्च
ही माझ्याशी बोलत नाही. आज मोजून अठरा दिवस. दोनदा ओठ हलले, पण ते स्वतःशीच असावं. रविवारी संध्याकाळी धाकटीचा फोन येतो, तेव्हा मात्र अर्धा अर्धा तास. फोन माझ्यापुढे धरून मानेनेच विचारते, हवाय का? मी नको म्हणतो. त्या फोनवर काही येतच नाही. रेंज नाही.
मागच्या खोलीचं दार उघडं ठेवलं तर रिकामी खोली दिसते. लावलं तर वाटतं आत कोणी आहे. अर्धवट लोटून ठेवलंय.

११ मार्च
उद्या खरेदीदार. एक ट्रे स्वतः निवडला. बारा कप. शेकडो कपांतून बारा मिळायला दोन दिवस लागले. त्यातही मन मारून. पांढरा शर्ट इस्त्री केला. बाहीला डाग पडला. बाही दुमडायची.
उद्या कारखान्याला कळेल.

१२ मार्च
कारखान्याला कळलं.
शक्य तितक्या थंड डोक्याने लिहितो. खरेदीदार म्हातारा, साधा, जाड चष्म्याचा. झिलईच्या टाकीवरून पुढे गेला, तिकडे नजरही टाकली नाही. सरळ माझ्या टेबलाशी. मॅनेजरने मला खूण केली. मी कप बोटाला अडकवला, टिचकी मारली.
मुका.
दुसरा. मुका. माझ्या निवडलेल्या बारांतले! पण तत्त्व म्हणजे तत्त्व. मी सगळ्यांसमोर जाहीर केलं की हा ट्रे बाद आहे.
मॅनेजर पांढरा पडला. म्हाताऱ्याने एक कप घेतला, कानाशी नेला, टिचकी मारली. हसला. दुसरा वाजवला. मग बाराही ओळीने वाजवले, आणि मागे उभे असलेले सगळे कामगार त्या ओळीबरोबर माना हलवत होते. सगळे ऐकत होते. माझ्या एकट्याशिवाय सगळे.
मी म्हटलं, साहेबांचा कान तयार नाही.
मग तो बाद मालाचं खोकं वाजवत बसला. मग त्याला खड्डा दाखवावा लागला. खड्ड्यापाशी तो हसत नव्हता.

१४ मार्च
भट्टीवाला घरी आला. माझ्या कानाला तोंड लावून बोलला, शेजारच्यांनी ऐकलं असेल. म्हणाला, दोन वर्षं तुम्हाला टिचकी ऐकू येत नाही. तुम्ही रोज चांगला माल खोक्यात टाकत होतात, आणि तुमची बहीण जेवणाच्या सुट्टीत उपाशी बसून त्यातला एकेक कप परत वाजवून, चांगले ते ट्रेमध्ये ठेवत होती. म्हणून तुमचे आकडे जुळत होते. आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. तिने आमच्याकडून शपथ घेतली होती, दादाला कळू देऊ नका, त्याच्या टेबलाशिवाय त्याला दुसरं काही नाही. आणि तिच्यावरच रिपोर्ट लिहिलात, वा रे जज्जसाहेब!
ही दारात उभी होती. म्हणजे हिलाही माहीत होतं.
भट्टीवाला अतिशयोक्ती करतो. दोन वर्षं नसतील. फार तर दीड.

१६ मार्च
मॅनेजरने कानाच्या डॉक्टरकडे पाठवलं. गेलो, कारण टाळलं असतं तर घाबरलो असं दिसलं असतं. काचेच्या खोलीत बसवलं, कानावर हेडफोन, हातात बटण. आवाज आला की दाबायचं. मी पहिल्यापासून शेवटपर्यंत एकसारखं दाबत होतो. पैकीच्या पैकी मिळणार याची खात्री होती.
डॉक्टरबाई समोर बसून मोठ्याने, सावकाश बोलल्या. मशीन बंद असतानाही तुम्ही बटण दाबत होतात, म्हणाल्या. मी म्हटलं, आवाज येत होता. त्यांनी विचारलं, कसा? मी सांगितलं. बारीक, उंच, स्वच्छ, न थांबणारा. त्या म्हणाल्या, तो बाहेर नाही. वरचे स्वर ऐकायचे बंद झाले की कान कधीकधी स्वतःच असा आवाज काढतो. बऱ्याच जणांना होतं, वाईट वाटून घेऊ नका.
म्हणजे तो कप नव्हताच.
परत येताना रस्ताभर तो वाजत होता. इतका सुंदर. एकही तडा नाही.
मशीन लावा म्हणाल्या. बघू. मशीन बहिऱ्या लोकांसाठी असतं.

१९ मार्च
पॅकिंगला बदली. कपांमध्ये गवत भरायचं. टेबल रिकामं आहे. संकल्प सगळे स्थगित.

२१ मार्च
मॅनेजरने बोलावलं. यावेळी समोर येऊन, हळूहळू बोलला. भट्टीवाल्याने शिकवलं असावं. खरेदीदार अजून एक संधी देतोय. अट एकच, तपासणी भरवशाची हवी. म्हणून टेबलावर धाकटीला बसवायचं ठरलंय. माझ्या टेबलावर. पगार वाढवून, पत्र तयार करून. नाही तर एक भट्टी बंद.
मी विचारलं, तिच्या हाताचं काय, लोकांना दिसेल ना? तो म्हणाला, कुठल्या हाताचं?
पत्र मी घेऊन जायचं. सोमवारी सकाळी हो की नाही सांगायचं. पोस्टाने पाठवा म्हटलं तर म्हणाला, पोस्टाने माफी जात नाही.
मी माफी मागायला जाणार नाही. पत्र द्यायला जाणार आहे. दोन्हींत फरक आहे.

२२ मार्च, रविवार, संध्याकाळी
जाऊन आलो.
बसमध्ये भाषण तयार केलं होतं. सुरुवात: हे बघ, परिस्थितीच अशी होती. ते पहिल्याच वळणावर टाकून दिलं. दुसरं केलं. तेही टाकलं.
कारखाना म्हणजे एक लांब शेड. भिंतीला कुंड्या, एकीसारखी दुसरी नाही. ती चाकाशी बसली होती, दोन्ही हात कोपरापर्यंत मातीत. मला बघून उठली नाही. मानेने स्टूल दाखवलं. मी बसलो. पत्र तिच्या शेजारी ठेवलं, वर एक खडा ठेवला. ते तिने तसंच, हात न लावता, वाकून वाचलं.
मग मी बोललो. माझा आवाज किती मोठा येत होता कळत नव्हतं, पण त्या दोघी बायका उठून बाहेर गेल्या. म्हटलं, मी चुकलो. रिपोर्ट खोटा होता. मला ऐकू येत नाही. तिन्ही वाक्यं एका दमात. नंतर म्हटलं, घरी चल. टेबल घे, घेऊ नकोस, घरी चल.
ती चाक फिरवत राहिली. मग बोलायला लागली. मान खाली, नजर मातीवर, केस पुढे आलेले. पुष्कळ बोलली. पाच मिनिटं तरी. इतकं ती आयुष्यात माझ्याशी बोलली नसेल. मधे एकदा थांबली, खांदे हलले, हसली की काय ते कळलं नाही. परत बोलली. मी वाकून बघत होतो, ओठ दिसतात का. नाही दिसले. फक्त बोटं दिसत होती, कुंडीच्या काठावर, आणि काठ हळूहळू वर येत होता.
परत सांग, एवढंच म्हणायचं होतं. मोठ्याने सांग, माझ्याकडे बघून सांग. पण चव्वेचाळीस वर्षांचं बोलणं माणूस दुसऱ्यांदा कसं सांगेल? आणि मी कसं मागू?
शेवटी तिने मान वर केली. डोळे ओले होते. भुवया उंचावून माझ्याकडे बघत राहिली. म्हणजे काहीतरी विचारलं होतं.
मी म्हटलं, हो.
तिने मान हलवली. वर-खाली नाही, आडवीही नाही, अशी मधलीच. आणि परत चाकाकडे वळली. मी थोडा वेळ थांबून निघालो. पत्र तिथेच होतं, खड्याखाली.
ती येणार आहे की मी तिला परत कधी तोंड दाखवायचं नाही, हे मला माहीत नाही. मी कशाला तरी हो म्हटलंय. सोमवारी सकाळी मॅनेजरला उत्तर द्यायचंय. चाळीस माणसं वाट बघतायत.
घरी आलो तर ही दारातच. खूप दिवसांनी सरळ माझ्या तोंडाकडे बघून बोलली, सुटं सुटं: काय म्हणाल्या वन्सं?
मी चपला काढल्या. नीट जोडीने ठेवल्या.
म्हटलं, बरीच बोलली.